बव्हेरियातली माझी अफगाणी पाटीलकी

मी दोन हिवाळे एका अफगाणी गावचा पाटील होतो. गाव जर्मनीत होतं, न्यूर्नबर्गच्या पुढे, डोंगराळ झाडीत. गावात मशीद होती, बाजार होता, विहीर होती. विहिरीला पाणी नव्हतं, बाजारातली कलिंगडं प्लास्टिकची होती आणि अख्ख्या गावात अफगाण म्हणावा असा एकच माणूस होता, तोही दुभाषा. माझ्या आधी गावची पाटीलकी एका तुर्की न्हाव्याकडे होती. त्याची कंबर धरली, म्हणून जागा रिकामी झाली आणि ती मला मिळाली.

हे सांगितलं की लोक आधी हसतात, मग माझ्याकडे जरा बारकाईने बघतात. सांगलीला गेलो की माझा मेहुणा मुद्दाम चार माणसांत विषय काढतो, "आमचे दाजी पंचायत समितीला पडले, पण अमेरिकेच्या सैन्याने त्यांना बिनविरोध निवडून दिलं." या दिवाळी अंकाच्या संपादकांनी 'तुमच्या नोकरीबद्दल लिहा' असं कळवलं, तेव्हा त्यांना बहुधा माझी बँकेतली नोकरी अभिप्रेत होती. पण बँकेबद्दल लिहिण्यासारखं काही नाही.

त्याचं असं झालं, माझी बायको वैदेही हिला एर्लांगेनला क्ष-किरणांच्या यंत्रांवर संशोधन करायला जागा मिळाली. मी सांगलीची सहकारी बँक सोडून तिच्यामागून गेलो. बायकोच्या व्हिसावर आलेला नवरा हा प्राणी जर्मन कचेऱ्यांना तेव्हा नवा होता. जिथे जाईन तिथे 'आणि तुम्ही काय करता?' हा प्रश्न. मी भाजी आणत होतो, मुलगी इरा हिला शाळेत सोडत होतो आणि संध्याकाळी जर्मनच्या वर्गाला जात होतो. एक दिवस फुकट वाटायच्या वर्तमानपत्रात जाहिरात दिसली, 'श्टाटिस्टन' पाहिजेत. श्टाटिस्टन म्हणजे नाटक-सिनेमातली गर्दीची माणसं. मी राज्य नाट्य स्पर्धेत उत्तेजनार्थ बक्षीस मिळवलेला नट. दाढी वाढवलेले तीन फोटो घेऊन मुलाखतीला गेलो आणि तिथल्या बाईंना विचारलं, दिग्दर्शक कोण आहे?

बाई म्हणाल्या, "अमेरिकेचं सैन्य."

मग त्यांनी तीनच गोष्टी विचारल्या. थंडीत बराच वेळ उभं राहता येतं का, तीन आठवडे मोबाइलशिवाय जमेल का आणि लोक अंगावर ओरडले तर तुम्ही काय करता. मी म्हणालो, मी सहकारी बँकेत काउंटरवर होतो. त्यांनी माझ्या दाढीकडे बघितलं आणि गाव माझ्या नावावर केलं.

वाचकांना धंदा समजावून सांगायला हवा. अमेरिकन सैन्याचा तिथे मोठा तळ आहे. त्या काळात अफगाणिस्तानात जायच्या तुकड्या आधी या तळावर येऊन तीन आठवडे खोटी लढाई लढायच्या. सैनिकाला गोळी कशी मारायची ते शिकवलेलं असतं. पण लढाईच्या मधोमध जी माणसं उभी असतात, बकऱ्या हाकतात, तक्रारी करतात, लग्नं लावतात, त्यांचं काय करायचं ते येत नसतं. ती मधे उभी राहणारी माणसं म्हणजे आम्ही. माझ्या गावात निवृत्त पोस्टमन होते, दोन विद्यार्थिनी होत्या, एक बेकार खाटीक होता आणि त्याच्याच ओळखीने आलेल्या पाच बकऱ्या होत्या. प्रत्येकाला भूमिकेचा कागद मिळायचा. माझ्या कागदावर लिहिलं होतं की मी करारी आहे, मला तीन भाऊ आहेत, त्यातला एक बंडखोरांना मिळालेला आहे आणि मला विहिरीला पंप हवा आहे. करारीपणा सोडला तर बाकीचं आमच्या मिरज तालुक्यात कुठेही खपलं असतं.

संवाद मात्र लिहिलेले नव्हते. बोलायचं कुठल्या भाषेत, तर अमेरिकनांना कळणार नाही अशा कुठल्याही. पोस्टमन ठेवणीतलं बव्हेरियन बोलायचे, विद्यार्थिनी पोलिश बोलायच्या. मी मराठीत बोलायचो. आमचा दुभाषा रहीमभाई काबूलचा, न्यूर्नबर्गला त्याचं भाजीचं दुकान होतं आणि तो लहानपणापासून हिंदी सिनेमावर पोसलेला. माझ्या मराठीतलं त्याला बरंचसं कळायचं. उरलेलं तो मनाने भरायचा. मी म्हणायचो, "अहो, पंपाचं काय झालं? मागच्या साहेबांनी शब्द दिला होता." रहीमभाई इंग्रजीत सांगायचा, "पाटील म्हणतात, त्यांच्या आजोबांच्या डोळ्यांत पाणी आहे." त्याचं भाषांतर माझ्या वाक्यांपेक्षा केव्हाही सरस असायचं आणि ते मी त्याला कधी बोलून दाखवलं नाही.

या तळाचा इतिहास मला आमच्या गावाच्या पाटीने शिकवला. पाऊस जरा जोराचा झाला की वरचा रंग सुटायचा आणि खालचं नाव दिसायचं, त्याच्याही खाली तिसरं. महायुद्धाच्या आधी जर्मन सैन्याला तोफा उडवायला मोकळी जमीन हवी होती म्हणून त्यांनी इथली खरी गावं उठवली. युद्धात इथे कैदी ठेवले. युद्ध संपल्यावर बोहेमियातून हाकललेले जर्मन लोक कुठे ठेवायचे, तर याच रिकाम्या घरांत. ती माणसं चुली मांडून स्थिरावतात तोवर अमेरिकनांना रणगाड्यांसाठी जागा हवी झाली. गावं पुन्हा उठली. मग पुढची चाळीसएक वर्षं तिथे रणगाडे रशियनांची वाट बघत फिरले. रशियन काही आले नाहीत. तेवढ्यात युगोस्लाव्हिया फुटला, म्हणून आमचं सिमेंटचं गाव बांधलं गेलं आणि त्याला बोस्नियाचं नाव दिलं, एका टोकाला चर्च, एका टोकाला मशीद. मग इराक आलं. चर्चचा क्रूस उतरवून त्यावर प्लायवूडचा घुमट बसवला, तेव्हा गावात दोन मशिदी झाल्या. मग अफगाणिस्तान आलं. बोस्नियाच्या मशिदीचा मिनार फारच टोकदार दिसतो असं कुणा तज्ज्ञाचं मत पडलं, म्हणून तो कापला. बेकरीवरची अरबी पाटी तेवढी राहिली, ती उलटी लावलेली होती. रहीमभाईने पहिल्याच दिवशी ते सांगितलं. तळावरचे साहेब 'वर कळवतो' म्हणाले. मी सोडलं तेव्हाही ती उलटीच होती.

गमती पुष्कळ घडल्या. त्यात एक प्रसंग सांगितल्याशिवाय राहवत नाही. माझ्या सासूबाई दर हिवाळ्यात मेतकूट पाठवतात. पलटणीच्या पाकीटबंद जेवणाला मी इतका विटलो होतो की त्या खेपेला बरणी बरोबर घेऊन गेलो आणि खाटेखाली ठेवली. तिसऱ्या दिवशी घरांची झडती झाली. एका सैनिकाने बरणी उघडली, हुंगली आणि तो उलट्या पावली बाहेर गेला. पाच मिनिटांत युद्ध थांबलं. लढणाऱ्या दोन्ही बाजू डोंगरामागे हटवल्या गेल्या. एक यंत्रमानव आला आणि त्याने सासूबाईंची बरणी अलगद उचलून अंगणात आणली. अंतराळवीरासारखा पोशाख केलेल्या अधिकाऱ्याने रहीमभाईमार्फत विचारलं की ही भुकटी कसली. मी म्हणालो, गरम भातावर घालून खातात, वर तूप. तो म्हणाला, "कोण खातं?" मी म्हणालो, लहान मुलं, आजारी माणसं. तो फार गंभीर झाला. बरणी खड्ड्यात नेऊन उडवली. पिवळा ढग वर गेला आणि हिंग-मेथीचा वास खोरंभर पसरला. बकऱ्या तेवढ्या त्या दिशेला तोंड करून उभ्या राहिल्या. घरी परतल्यावर सासूबाईंचा फोन आला, "अहो जावईबापू, मेतकूट पुरलं का?" मी म्हणालो, सगळ्या पलटणीला पुरलं.

दुसरा घोटाळा इराने केला. शाळेत बाईंनी विचारलं, वडील काय करतात? तिने खरं ते सांगितलं की बाबा अफगाणिस्तानात गावचे प्रमुख आहेत, तीन आठवड्यांनी येतात आणि त्यांना फोन लागत नाही. वैदेहीला शाळेत बोलावून घेतलं. समुपदेशक बाई पाणी आणि रुमालांचा डबा पुढे ठेवून बसल्या होत्या. मी परतलो तेव्हा वैदेही म्हणाली, "हे बघ, तुला पाटीलकी करायची तर कर, पण एकदा येऊन त्या बाईला तोंड दाखव. तिला वाटतंय तू मला सोडून गेलायस." मग इराला म्हणाली, "आणि तू नीट सांगायचं ना, बाबा नाटक करतात." इरा म्हणाली, "आबर एअर इस्ट दोख डेअर शेफ." पण ते तर प्रमुखच आहेत ना. पोरगी चुकीचं काही बोलत नव्हती.

आता फ्राऊ हेबर, म्हणजे हेबरबाई, यांच्याबद्दल सांगतो. खरं म्हणजे त्यांच्यासाठीच हे लिहायला घेतलं.

फ्राऊ हेबर सत्तरीच्या होत्या आणि कागदोपत्री माझ्या आई होत्या. त्यांना निळा बुरखा दिला होता. इतर बायका त्याला नाकं मुरडायच्या, फ्राऊ हेबर मात्र खूश होत्या. त्यांचं म्हणणं, आत ऊब राहते आणि विणकाम करता येतं. गावात गोळीबार सुरू झाला की पोरीबाळी किंकाळ्या फोडत धावायच्या आणि त्या निळ्या तंबूतून सुयांचा आवाज यायचा. गुडघे गेलेले होते. जानेवारीत शस्त्रक्रिया ठरली होती आणि डॉक्टरांनी बजावलं होतं की हा हंगाम शेवटचा. चांगली पेन्शन असताना ही बाई थंडीत इथे का येते, हे कोडं मला पडलं होतं. दुसऱ्या हिवाळ्यात, नोव्हेंबर लागताना, आम्ही दोघं बटाटे सोलत बसलो होतो, तेव्हा मी विचारलं.

"हेर माने," त्या म्हणाल्या (हेर म्हणजे जर्मनमधलं श्रीयुत, आणि माने मी), "मी इथे राहत होते."

बोहेमियातून हाकललेल्यांत त्यांची आई होती, कडेवर फ्राऊ हेबर आणि पोटात भाऊ. टेकडीपलीकडच्या गावात त्यांना घर मिळालं. भाऊ टोनी तिथेच जन्मला आणि चार वर्षांचा होऊन घटसर्पाने तिथेच गेला. त्याला चर्चमागे पुरलं. त्यानंतर लवकरच अमेरिकनांनी गाव रिकामं करायला सांगितलं. "आईने हातगाडीवर शिलाई मशीन घेतलं, मला घेतलं. टोनीला कसं घेणार?" बव्हेरियात नोव्हेंबरच्या पहिल्या दिवशी सगळे लोक आपापल्या माणसांच्या थडग्यावर जाऊन दिवा लावतात. त्यांची आई मरेपर्यंत त्या दिवशी स्वयंपाकघरात दार लावून बसायची.

मी म्हणालो, पण जुन्या रहिवाशांना वर्षातून एकदा बसने आत नेतात ना?

"हो, पण त्यांना नेतात ज्यांची मूळची गावं होती. आम्ही मागाहून आलेले. आमच्यानंतर रणगाडे आले. मधल्यांना कोण विचारतं? मी पुष्कळ पत्रं लिहिली. मग ही जाहिरात दिसली. म्हटलं, निदान फाटकाच्या आत तरी जाऊ." तीन हंगाम त्या फाटकाच्या आत होत्या आणि स्मशान टेकडीच्या मागे, चालत अर्ध्या तासावर होतं. पण आमच्यापैकी कुणी गावची हद्द ओलांडली की त्याच दिवशी कामावरून कमी. दोनदा त्या निघाल्या होत्या, दोन्ही वेळा त्यांना परत आणलं. तिसऱ्यांदा निघायला आता गुडघे नव्हते.

मला फार वाईट वाटलं. मी म्हणालो, फ्राऊ हेबर, मी गावचा पाटील आहे. त्या हसल्या आणि पुढचा बटाटा घेतला.

आमच्या लग्नांत एक काका हमखास रुसतो. पंगत बसते, वाढपी वाकतात आणि काका मांडवाच्या खांबाला टेकून उभा. काय झालं विचारलं की म्हणतो, काही नाही. या 'काही नाही'मधली ताकद ज्याने पाहिलीय त्यालाच माहीत. मुलीचा बाप घामाघूम होतो, वरमाय चौकशीला येते, तरी काका म्हणतो, तुमचं चालू द्या. काय हवंय ते आपल्या तोंडाने सांगायचं नाही, हा त्यातला नियम. सांगितलं की किंमत गेली. माझे थोरले काका या कलेतले वस्ताद होते. मी ठरवलं, रुसायचं.

त्या खेपेचा कॅप्टन डॉसन नावाचा लाल गालांचा तरुण होता. अत्यंत सज्जन. त्याला दोन दिवसांत आमच्या गावच्या पुलावर तपासणी नाकं उभारायला माझी संमती मिळवायची होती आणि त्यावर त्याचे गुण ठरणार होते. त्याच्या खिशात शिष्टाचाराचं प्लास्टिक चढवलेलं कार्ड असायचं. बूट काढा, बायकांकडे बघू नका, कुटुंबाची विचारपूस करा, चहा घेतल्याशिवाय कामाचं बोलू नका.

तो आला, बूट काढून बसला, माझ्या तिन्ही भावांची चौकशी केली. मी हं हं केलं. मग तो हातमोजे काढून चहाची वाट बघत बसला. मी चहा सांगितला नाही. आमच्याकडे आलेल्या माणसाला चहा न विचारणं म्हणजे काय, ते मराठी माणसाला सांगायला नको. कॅप्टनला कार्डाप्रमाणे चहाआधी बोलता येईना. स्टोव्ह जळत होता, किटली शेजारी होती, आणि तो किटलीकडे बघत होता.

रहीमभाई माझ्या कानाशी आला. "भाईसाब, चाय बोल दूँ? मुझे भी चाहिए."

"नको," मी म्हणालो.

शेवटी कॅप्टनने धीर करून विचारलं, पाटील नाराज आहेत का?

मी म्हणालो, "काही नाही. तुमचं चालू द्या."

रहीमभाईने या वेळी शब्दशः भाषांतर केलं. कॅप्टनचा चेहरा उजळला. काही नाही म्हणजे काही नाही, असा त्याच्या देशात अर्थ होत असावा. त्याने नकाशा उलगडला. मी भिंतीकडे तोंड केलं.

दुपारी तो फुटबॉल घेऊन आला. संध्याकाळी तांदळाची पोती आली. दुसऱ्या दिवशी सकाळी पाण्याचा पंप आला, खराखुरा, कोरड्या विहिरीत टाकायला. मी म्हणायचो, "कशाला उगाच, काही नाही." मलाच अपराधी वाटत होतं, कारण पोरगं दर खेपेला कार्ड काढून पुन्हा पहिल्यापासून वाचत होतं. सोबतचा पंच सगळं बघत होता. पंच म्हणजे दोन्ही बाजूंवर देखरेख करणारा अनुभवी सार्जंट, हा एक टकलू, अबोल माणूस होता. त्याने एक शब्द बोलायचा अवकाश, माझी पाटीलकी संपली असती. दुपारपर्यंत कॅप्टनची मुदत उरली होती. तो माझ्यासमोर मांडी घालून बसला, कार्ड खिशात घातलं आणि म्हणाला, "सर, माझ्याकडून काय चुकलं ते मला खरंच कळत नाहीये."

हे ऐकलं की रुसलेल्या काकाने बोलायचं असतं. मी म्हणालो, "टेकडीपलीकडे आमची माणसं पुरलेली आहेत. माझ्या आईला तिथे दिवा लावायचाय. तुम्ही लोक आल्यापासून वाट बंद आहे." हे मी मराठीत बोललो आणि त्यात एकही शब्द खोटा नाही हे बोलून झाल्यावर माझ्या लक्षात आलं. रहीमभाई कॅप्टनकडे वळला. मग त्याने, पहिल्यांदाच, आजोबांच्या डोळ्यांतलं पाणी न घालता ते जसंच्या तसं सांगितलं.

कॅप्टनने नकाशा बघितला. टेकडीमागे जुन्या जर्मन नावाशेजारी बारीक क्रूस छापलेला होता. "हे आपल्या सरावात आहे, मला माहीत नव्हतं," तो म्हणाला.

पंचाने मला बाजूला घेतलं. "तुझ्या कागदावर कुठल्या पानावर आहे हे?"

"कुठल्याच नाही," मी म्हणालो. "पाटलाला पान लागत नाही."

तो माझ्याकडे, मग निळ्या बुरख्याकडे बघत राहिला. सुया थांबल्या होत्या. त्याने वहीत काहीतरी लिहिलं आणि म्हणाला, "चांगली अडचण आहे. याला अशाच अडचणी हव्यात." सैन्याच्या डोक्याचा थांग मला कधी लागला नाही.

तासाभरात आम्ही निघालो. पुढे दोन चिलखती गाड्या, मागे दोन, दोन्ही बाजूंनी चाळीस सैनिक, डोक्यावर घिरट्या घालणारं विमान, आणि पहिल्याच गाडीत मी, रहीमभाई आणि बुरख्यातल्या फ्राऊ हेबर. त्यांनी बाहीत लाल काचेचा दिवा लपवला होता. तो तीन हंगाम त्यांच्या पिशवीत होता हे मला तेव्हा कळलं. झाडीत दोन वाटा फुटल्या तिथे ताफा अडला. यंत्र एक वाट दाखवत होतं, नकाशा दुसरी. बुरख्यातून आवाज आला, "लिंक्स. बाय डेअर लिंडे." डावीकडे, लिंडनच्या झाडापाशी. झाड होतं. कॅप्टनने चकित होऊन विचारलं, या काय म्हणाल्या? रहीमभाई म्हणाला, "त्या म्हणतात, डावीकडे."

चर्चला छप्पर नव्हतं. मागची बुटकी भिंत शाबूत होती. स्मशानात रणगाड्यांना बंदी होती, म्हणून काटेरी जाळ्यांखाली सगळं जसंच्या तसं राहिलं होतं. फ्राऊ हेबर माझा हात सोडून पुढे गेल्या. गुडघ्यांचं काय झालं देव जाणे. भिंतीच्या कोपऱ्यात गंजलेला हातपंप होता आणि त्याच्या पलीकडे वीतभर उंचीचा लोखंडी क्रूस. त्यावर नाव नव्हतं. त्या खाली बसल्या. वारा होता, दिवा लागेना. कॅप्टन बायकांच्या इतक्या जवळ जायचं नाही हे विसरला आणि आपला नकाशा उघडून त्याने आडोसा धरला. दिवा लागला.

आणि तेवढ्यात बंडखोरांनी हल्ला केला.

बंडखोर म्हणजे तळावरचीच दुसरी पलटण, त्यांचा तरी काय दोष? दिवसाढवळ्या चार गाड्या आणि चाळीस माणसं उघड्यावर एका जागी उभी, असं सावज त्यांना सबंध हंगामात मिळालं नव्हतं. सरावात मरायची पद्धत अशी की सगळ्यांच्या अंगावर पट्टे असतात, बंदुकीतून गोळीऐवजी किरण सुटतो आणि तो लागला की पट्टा किंचाळायला लागतो. जो मेला त्याने पडल्या जागी पडायचं, बोलायचं नाही आणि पंच उठवील तेव्हाच उठायचं. पहिला पट्टा फ्राऊ हेबरांचा वाजला. त्या थडग्याशेजारीच आडव्या झाल्या. मग माझा. पंचाने येऊन माझ्या छातीवर कार्ड ठेवलं, त्यावर लिहिलं होतं की माझा डावा पाय गेलेला आहे. मी काटेरी जाळीत पाठ टेकून पडलो.

गोळीबार थांबला. कॅप्टन डॉसन जिवंत होता आणि जिवंत असल्याची त्याला लाज वाटत होती. पाटलाची आई, पाटलाच्याच माणसांच्या स्मशानात, त्याच्या पहाऱ्यात मेली होती. त्याने हेल्मेट काढलं. मेलेल्यांना लगेच उचलून गाडीत घालतात, तशी दोन पोरं पुढे आली. पंचाने त्यांना हाताने थांबवलं.

बुरख्यातून बोलणं ऐकू येत होतं. बारीक आवाजात, बोहेमियाकडच्या त्या हेलात, थांबत थांबत. मेलेल्याने बोलायचं नाही हा नियम पंचालाच सगळ्यांत पक्का ठाऊक. तो जमिनीकडे बघत उभा राहिला.

कॅप्टनने हळूच विचारलं, "त्या काय म्हणतायत?"

रहीमभाईला जर्मन माझ्यापेक्षा चांगलं येतं. तो गुडघ्यावर बसून ऐकत होता. "त्या म्हणतात, टोनी, आईला यायला जमलं नाही. ती येणार होती. तिला येऊ दिलं नाही. ती रोज तुझं नाव घ्यायची." तो पुन्हा ऐकू लागला. "त्या म्हणतात, तुझा कोट मी नंतर घातला. मला थंडी वाजत होती. तू रागावू नकोस."

कॅप्टनने रहीमभाईकडे बघितलं, मग माझ्याकडे. मी मान डोलावली. आता त्याला कळलं.

त्याच्या खांद्यावरच्या रेडिओतून वरचा अधिकारी विचारत होता, ताफा का थांबलाय, मृतांना हलवलं का. कॅप्टनने बटण दाबलं आणि म्हणाला, "नाही, सर. इथून त्यांना आत्ता हलवता येणार नाही." मग त्याने चाळीस माणसांना भिंतीबाहेर, पाठ आत करून उभं केलं आणि स्वतः फाटकात जाऊन उभा राहिला. मला पाय नव्हता, म्हणून मी तिथेच पडून राहिलो. फ्राऊ हेबर अंधार पडेपर्यंत बोलत होत्या.